झोंबींच्या गर्दीत शस्त्रांचा शोध

'झोंबी' या शब्दाचा मराठीतील 'झोंबणे' या क्रियापदाशी काहीही संबंध नाही. आफ्रिकेतून हैतीमार्गे तो इंग्रजीत गेला आणि तेथून जगभर पसरला. तरीही माणसाच्या अंगाला झोंबणाऱ्या जिवंत प्रेतांसाठी मराठीला याहून चपखल शब्द शोधूनही सापडला नसता. आदित्य सरपोतदार यांच्या 'झोंबिवली' या चित्रपटाने २०२२ मध्ये ही प्रेते थेट डोंबिवलीच्या गृहसंकुलात आणून उभी केली. मात्र मराठी तरुणांची त्यांच्याशी ओळख त्याच्या कितीतरी आधी संगणकाच्या आणि मोबाइलच्या पडद्यावर झालेली होती. सायबर कॅफेत तासाच्या हिशेबाने पैसे मोजून खेळण्याचे दिवस मागे पडले. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू होऊन डेटा स्वस्त झाला आणि पुण्या-मुंबईत खेळले जाणारे खेळ शिरूर, दौंडसारख्या तालुक्याच्या गावांतही त्याच दिवशी, त्याच सर्व्हरवर खेळले जाऊ लागले.

या खेळांत नेमबाजीला जितके महत्त्व आहे, त्याहून अधिक महत्त्व नेमबाजीपूर्वीच्या पाच मिनिटांना आहे. खेळाडूला जगात सोडले जाते तेव्हा त्याच्या हाती बहुधा एक पिस्तूल किंवा चाकू असतो, कधी तर काहीच नसते. शस्त्र कोठे मिळेल, ते उचलावे की सोडावे, त्याच्या गोळ्या पुढे मिळतील का, याचा हिशेब ज्याला जमला तो टिकतो. नवखा खेळाडू मरतो तो सहसा नेम चुकल्यामुळे मरत नाही. बंदूक भरलेली नसल्याने, किंवा तीन बंदुका जवळ असून त्यांपैकी एकीच्याही गोळ्या नसल्याने मरतो.

भिंतीवरची बंदूक आणि खाली येणारे छत

टंचाईचे हे तत्त्व लोकप्रिय केले ते जपानच्या कॅपकॉम कंपनीने. शिंजी मिकामी यांच्या दिग्दर्शनाखाली १९९६ मध्ये आलेल्या 'रेसिडेंट इव्हिल'मध्ये एका ओसाड वाड्यात अडकलेल्या पोलिसांची कथा होती. वाड्यातील एका खोलीत भिंतीवर शॉटगन टांगलेली असते. ती उचलणे सोपे. परंतु उचलताच शेजारच्या खोलीचे छत खाली येऊ लागते. त्या जागी एक मोडकी शॉटगन आधी शोधून आणून टांगावी लागते, तेव्हा हा सापळा निष्प्रभ होतो. चांगले शस्त्र फुकट मिळत नाही, हा धडा या मालिकेने पहिल्याच भागात दिला आणि पुढील सर्व भागांनी तो गिरवला.

या खेळात ख्रिस या पात्राला सामान ठेवण्यासाठी अवघ्या सहा जागा होत्या, तर जिल या पात्राला आठ. किल्ली, औषधी, बंदूक, गोळ्यांची पेटी या प्रत्येकाला एक जागा. त्यामुळे जे जे दिसेल ते उचलण्याची सवय येथे घातक ठरे. अनुभवी खेळाडू सुरक्षित खोलीतील पेटीत बंदुका ठेवून पुढच्या दालनाला लागेल तेवढेच शस्त्र बरोबर नेत. गोळी झाडण्याऐवजी झोंबीला चुकवून पळणे हीदेखील शस्त्रसंचयाची एक पद्धतच होय. कारण न झाडलेली गोळी ही सापडलेल्या गोळीइतकीच मोलाची असते. जानेवारी २०१९ मध्ये नव्या रूपात आलेल्या 'रेसिडेंट इव्हिल २'मध्ये बंदुकीची दारू मिसळून हव्या त्या जातीच्या गोळ्या बनविता येतात. तेथे हाती येणारी प्रत्येक दारूची पुडी लगेच पिस्तुलाच्या गोळ्यांत घालविणारा खेळाडू उत्तरार्धात हमखास अडचणीत येतो.

२००५ च्या 'रेसिडेंट इव्हिल ४'ने गंमत थोडी बदलली. शत्रूंच्या अंगावरून पडणाऱ्या गोळ्या प्रामुख्याने खेळाडूच्या जवळ असलेल्या बंदुकांच्याच असतात. परिणामी पाच प्रकारच्या बंदुका बाळगणाऱ्याला प्रत्येकीच्या थोड्याथोड्या गोळ्या मिळतात, दोनच बाळगणाऱ्याला त्या दोहोंच्या भरपूर. जुन्या बंदुका विकून टाका आणि निवडक ठेवा, असा सल्ला जाणकार देतात तो यामुळेच.

सर्व काही पाहणारा दिग्दर्शक

अमेरिकेच्या व्हॉल्व्ह कंपनीचा 'लेफ्ट फोर डेड' नोव्हेंबर २००८ मध्ये आला. चार जणांनी एकत्र खेळावयाच्या या खेळाने शस्त्रांच्या जागा पाठ करणाऱ्यांची पंचाईत केली. खेळामागे एक अदृश्य 'दिग्दर्शक' नेमलेला असतो. संघ जखमी आहे की तंदुरुस्त, त्याची दमछाक झाली आहे की तो निवांत आहे, हे पाहून झोंबींच्या झुंडी केव्हा सोडायच्या आणि औषधे, बॉम्ब, शस्त्रे कोठे ठेवायची हे तो ठरवितो. त्यामुळे काल ज्या टेबलावर रायफल होती तेथे आज ती असेलच असे नाही.

तरीही काही गोष्टी निश्चित असतात. मोहिमेच्या आरंभी साधी शॉटगन आणि सबमशिनगन यांपैकी निवड करावी लागते. स्वयंचलित शॉटगन, असॉल्ट रायफल आणि शिकारी रायफल ही वरच्या दर्जाची शस्त्रे पुढच्या टप्प्यांत दिसू लागतात. प्रत्येक टप्प्याच्या शेवटी लोखंडी दाराची सुरक्षित खोली असते आणि तेथे चौघांसाठी प्रथमोपचाराच्या पेट्या मिळतात. पिस्तुलाच्या गोळ्या कधीच संपत नाहीत, हे नवख्यांच्या लक्षात उशिरा येते. गल्लीतल्या एकट्या-दुकट्या झोंबीसाठी पिस्तूल आणि झुंडीसाठी मुख्य बंदूक, एवढी एक शिस्त पाळली तरी गोळ्यांची रास शोधत फिरण्याची वेळ क्वचितच येते.

या खेळात शोधकामाची खरी पद्धत चौघांत वाटून घेण्याची आहे. दोघांनी खोल्या तपासाव्यात, दोघांनी दारात उभे राहावे. चारही जण एकाच कपाटावर तुटून पडले की मागून झुंड आलीच म्हणून समजावे. वर्षभराने, नोव्हेंबर २००९ मध्ये, आलेल्या दुसऱ्या भागात कुऱ्हाड, तवा, करवत अशी हातघाईची शस्त्रे मिळू लागली. त्यांत चक्क क्रिकेटची बॅटही आहे. ही शस्त्रे पिस्तुलाच्या जागी येतात, म्हणजे बॅट घेतली की पिस्तूल सोडावे लागते; मात्र बॅटला गोळ्या लागत नाहीत आणि एका फटक्यात दोन-तीन झोंबी आडवे होतात. अरुंद जिन्यात बंदुकीपेक्षा बॅट कामाची.

गुणांची दुकानदारी

त्याच नोव्हेंबर २००८ मध्ये 'कॉल ऑफ ड्यूटी : वर्ल्ड ॲट वॉर' या महायुद्धावरील खेळाच्या शेवटी ट्रेयार्क या निर्मात्यांनी झोंबींचा एक छोटा खेळ जोडला. मूळ खेळापेक्षा या जोडखेळाचीच चर्चा पुढे अधिक झाली. येथे शस्त्र सापडत नाही, विकत घ्यावे लागते. आणि चलन असते झोंबी मारून मिळणाऱ्या गुणांचे.

खेळाडू ५०० गुण आणि एक पिस्तूल घेऊन सुरुवात करतो. लागलेल्या प्रत्येक गोळीचे १० गुण. झोंबीच्या डोक्यात गोळी घालून मारल्यास १००, चाकूने मारल्यास १३०. येथे एक मजेदार हिशेब आहे. पहिल्या फेरीत चाकूच्या एका घावात झोंबी मरतो. म्हणून आधी त्याच्या अंगावर पिस्तुलाच्या पाच गोळ्या झाडायच्या आणि मग चाकू चालवायचा, की एका झोंबीमागे १८० गुण होतात. थेट डोक्यात गोळी घालणाऱ्या शूरवीराला मात्र त्याहून कितीतरी कमी मिळतात. खिडकीवर फळ्या ठोकण्याचेही १० गुण असतात. हा व्यापार पहिल्या एक-दोन फेऱ्यांतच करता येतो. पुढे झोंबी दणकट होतात आणि चाकू पुरत नाही.

भिंतीवर खडूने रेखाटलेल्या बंदुका ठरलेल्या किमतीला मिळतात आणि त्यांच्या गोळ्याही तेथेच मिळतात. याउलट ९५० गुणांची 'गूढ पेटी' म्हणजे शुद्ध सोडत होय. तिच्यातून किरणबंदूकही निघते आणि निरुपयोगी लांब पल्ल्याची रायफलही. नंतरच्या नकाशांत तर कधी पेटीतून टेडी बेअर निघतो आणि पेटी दुसरीकडे निघून जाते. आधी भिंतीवरची भरवशाची बंदूक आणि गुण उरले तरच पेटी, असा क्रम असावा. तो माहीत असूनही बहुतेक जण पेटीकडेच धावतात, ही गोष्ट वेगळी.

इमारत पाहून शस्त्र ओळखावे

शस्त्रशोधाचे खरेखुरे शास्त्र बनले ते 'डेझी' या खेळात. न्यूझीलंडच्या लष्करात काम केलेल्या डीन हॉल यांनी २०१२ मध्ये 'आर्मा २' या युद्धखेळात बदल करून तो तयार केला. स्वतंत्र खेळ म्हणून तो डिसेंबर २०१३ मध्ये प्राथमिक स्वरूपात आणि डिसेंबर २०१८ मध्ये पूर्ण स्वरूपात आला. त्यातील चेर्नारस हा काल्पनिक देश चेक प्रजासत्ताकातील एका खऱ्या भूभागावर बेतलेला असून त्याचे क्षेत्रफळ सुमारे २२५ चौरस किलोमीटर आहे. खेळाडू समुद्रकिनाऱ्यावर जवळपास रिकाम्या हाताने उतरतो.

येथे वस्तू कशाही विखुरलेल्या नसतात. शेतघरात व गोठ्यात शेतीची अवजारे आणि शिकारी बंदुका, पोलिस ठाण्यात पिस्तुले, शिकाऱ्यांच्या मचाणाजवळ रायफलीची काडतुसे, तर लष्करी तळावर लष्करी रायफली असे नाते ठरलेले असते. शिवाय किनाऱ्याकडून वायव्येकडे जावे तसा मालाचा दर्जा चढत जातो. आणखी एक बारकावा असा, की सर्व्हरवर प्रत्येक वस्तूची संख्या मर्यादित ठेवलेली असते. एखाद्याने दहा रायफली जमिनीत पुरून ठेवल्या तर त्या इतरांना मिळण्याची शक्यता तितकी घटते. साठेबाजीने बाजार आटतो, तसेच हे.

नवख्याने लष्करी तळाकडे धावू नये. तेथे झोंबी दाट असतात आणि त्यांच्याहून घातक असे सशस्त्र मानवी खेळाडू दबा धरून असतात. आधुनिक रायफल मिळाली तरी तिचे मॅगझिन वेगळे शोधावे लागते. दुनळी शॉटगन किंवा मोसिन रायफल यांना मॅगझिन लागत नाही. काडतुसे मिळाली की बंदूक तयार. पहिल्या तासाभरात अशीच बंदूक धुंडाळावी. गोळीचा आवाज दूरवर जातो आणि झोंबींबरोबर माणसेही येतात, म्हणून एकट्या झोंबीला कुऱ्हाडीनेच गाठावे. घरात शिरल्यावर दार लावून घ्यावे, ही साधी गोष्ट अनेकांचा जीव वाचविते.

ही दृष्टी एकदा आली की ती आपल्या परिसरालाही लावून पाहता येते. समजा, एखाद्या निर्मात्याने असा खेळ शिरूर आणि दौंड तालुक्यांत रचला. घोड नदीकाठच्या शिरूरमधून खेळाडूने सुरुवात केली, तर पहिली शस्त्रे बंदुका नसतीलच. वाडी-वस्तीवरच्या घरांत विळा, कुऱ्हाड. ऊसतोडीच्या खोप्यांत कोयते. रस्त्याकडेच्या गॅरेजमध्ये टॉमी आणि पाने. बाजारपेठेतील हार्डवेअरच्या दुकानांत हातोडे व साखळ्या विपुल, पण पेठेत गर्दीही तेवढीच. म्हणजे झोंबीही तेवढेच. रांजणगावच्या औद्योगिक वसाहतीत लोखंड आणि इंधन मिळेल, शस्त्र मिळणार नाही. न्हावऱ्यामार्गे चौफुल्याकडे जाताना दोन्ही बाजूंना ऊस. उसात लपता येते, पण समोरचे दिसत नाही. आणि शिरूरचा ऊस म्हटल्यावर निर्मात्याने त्यात बिबट्या ठेवला नाही तरच नवल. खेळाच्या नियमानुसार वरच्या दर्जाचा माल मिळावा तो दौंडला, कारण राज्य राखीव पोलिस दलाची केंद्रे तेथे आहेत. त्यामुळे सर्व्हरवरील प्रत्येक खेळाडूचे डोळे तिकडेच लागलेले असतील. मनमाड, सोलापूर, पुणे आणि बारामती अशा चारही दिशांना रूळ जाणारे जंक्शन असल्याने येण्याच्या वाटा अनेक, तशाच घेरले जाण्याच्याही. शहाणा खेळाडू तेथे शेवटी जाईल. पाटसच्या कारखाना परिसरात थांबेल, गोळीबाराचा आवाज कोणत्या बाजूने येतो ते ऐकेल आणि आधी गेलेल्यांची लढाई आटोपल्यावर यार्डाच्या बाजूने शिरेल. मेलेल्या खेळाडूचे शस्त्र मिळविणे हा या खेळातील सर्वांत कमी श्रमाचा शोध असतो.

झोंबीतून निघालेला पब्जी

'पब्जी' हा खेळ झोंबींच्या खेळातून जन्मला, हे तो रात्रंदिवस खेळणाऱ्यांनाही बहुधा माहीत नसते. आयर्लंडचे ब्रेंडन ग्रीन यांनी २०१३ मध्ये 'डेझी'तच बदल करून, शेवटी एकच जण उरेल असा खेळ रचला. पुढे त्याच कल्पनेतून २०१७ मध्ये 'प्लेअरअननोन्स बॅटलग्राउंड्स' आला. झोंबी गेले, रिकाम्या हाताने उतरून घराघरांत शस्त्रे धुंडाळण्याची रीत मात्र तशीच राहिली. फेब्रुवारी २०१९ मध्ये 'रेसिडेंट इव्हिल २'शी सहकार्य करून 'पब्जी मोबाइल'ने झोंबींनाही परत आणले. पहाटेपर्यंत टिकून राहण्याच्या त्या प्रकारात दिवसा शस्त्रे जमवावी लागत आणि रात्री झोंबींशी लढावे लागे. मारलेल्या झोंबीकडूनही सामान मिळे. ज्वाला फेकणारे यंत्र आणि अनेक नळ्यांची एम १३४ ही अवजड बंदूक ही त्या प्रकाराची खास शस्त्रे होती.

एरंगेल हा त्याचा मूळ नकाशा ८ किलोमीटर बाय ८ किलोमीटरचा आहे. विमानातून उडी मारल्यावर पोचिंकी, शाळा किंवा लष्करी तळ येथे उतरले तर शस्त्रे मुबलक मिळतात, पण पहिल्या दोन मिनिटांत निम्मे खेळाडू बाद होतात. त्याऐवजी विमानाच्या मार्गापासून दूरची चार-पाच घरांची वस्ती निवडावी. एकाच जातीच्या गोळ्या दोन बंदुकांना चालतील अशी जोडी घेऊ नये, असे काही जण सांगतात. झोंबींच्या प्रकारातही तेच करावे. रात्रभर गोळीबार चालतो, म्हणून ५.५६ मिलिमीटरच्या गोळ्यांवर चालणारी रायफल आणि जवळच्या माऱ्यासाठी शॉटगन पुरेशी. पिशवीचे वजन मर्यादित असल्याने नको असलेल्या गोळ्या वेळीच टाकाव्यात. आकाशातून पडणाऱ्या लाल पेटीतील शस्त्रे उत्तम असतात, परंतु तिचा धूर सर्वांनाच दिसतो.

पैशाने न मिळणारी बंदूक

पालकांच्या दृष्टीने महत्त्वाची बाब येथेच आहे. 'पब्जी' आणि त्याची भारतीय आवृत्ती असलेल्या 'बीजीएमआय'मध्ये खऱ्या पैशांनी जे विकत मिळते ते बंदुकीचे रंगरूप असते. हजारो रुपये खर्चून घेतलेली सोनेरी रायफल प्रत्यक्ष खेळात आधी जमिनीवर सापडावी लागते; सापडली तरी तिची गोळी साध्या रायफलीच्या गोळीइतकीच मारक असते. हे न कळल्याने आई-वडिलांच्या कार्डावरून परस्पर पैसे वळते करणाऱ्या मुलांची गाऱ्हाणी घरोघरी ऐकू येतात. सर्वच खेळांना हा नियम लागू नाही. 'फ्री फायर'मध्ये काही रंगरूपांमुळे बंदुकीची ताकदही बदलते, म्हणून तेथे मोह अधिक.

विकत घेतलेले हे वैभव टिकतेच असेही नाही. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६९ अ खाली केंद्र सरकारने २ सप्टेंबर २०२० रोजी ११८ ॲपवर बंदी घातली, त्यात 'पब्जी मोबाइल' होता. २ जुलै २०२१ रोजी 'बीजीएमआय' आला, तेव्हा जुन्या खात्यातील सामान नव्या खात्यात नेण्याची मुभा काही काळापुरती देण्यात आली. ज्यांनी ती मुदत गाठली नाही, त्यांच्या खरेदीवर पाणी पडले. जुलै २०२२ मध्ये हाही खेळ ॲप दुकानांतून हटविला गेला आणि मे २०२३ मध्ये परतला. परतताना अठरा वर्षांखालील मुलांसाठी रोज तीन तास व इतरांसाठी सहा तासांची मर्यादा घालण्यात आली. अल्पवयीनांसाठी खर्चाची मर्यादाही २०२१ पासूनच होती. मात्र ती दिवसाला ७,००० रुपये असल्याने तिला मर्यादा म्हणावे काय, हा प्रश्नच आहे.

शस्त्रे झटपट मिळवून देण्याच्या नावाखाली फिरणाऱ्या 'मॉड' फायली हा याहून वाईट प्रकार होय. सर्व बंदुका खुल्या, गोळ्या अमर्याद, भिंतीपलीकडचे सामान दिसेल, अशी त्यांची जाहिरात असते. अधिकृत ॲप दुकानाबाहेरून अशी फाइल मोबाइलमध्ये घालताना संदेश वाचण्याची परवानगी दिली जाते आणि बँकेचा ओटीपीही संदेशातूनच येतो. फसवणूक करणारे खाते खेळाच्या यंत्रणेला आढळले तर ते कायमचे बंद केले जाते. मुलाच्या मोबाइलमध्ये असे काही आढळल्यास ते ॲप काढून टाकावे, खात्याचा पासवर्ड दुसऱ्या उपकरणावरून बदलावा, आणि पैसे गेले असल्यास १९३० या राष्ट्रीय सायबर मदत क्रमांकावर तातडीने कळवावे. तक्रार जितकी लवकर होईल, तितकी ती रक्कम पुढच्या खात्यात जाण्यापूर्वी गोठविली जाण्याची शक्यता अधिक असते.